फुटबॉल ऐकायचा कसा, आणि कुठे

चॅम्पियन्स लीगचे बहुतेक सामने आपल्याकडे रात्री साडेबाराला किंवा दीडला सुरू होतात. घर झोपलेलं असतं, सकाळी कामावर जायचं असतं. म्हणून अनेकजण एक मधला मार्ग काढतात. ॲपवर सामना लावायचा, फोन उशाशी पालथा ठेवायचा आणि एका कानात इअरफोन घालून नुसतं ऐकायचं. दहा-पंधरा मिनिटांत कंटाळा येतो. खेळाडूंची नावं कानावर पडतात, प्रेक्षकांचा गलबला ऐकू येतो, पण चेंडू मैदानात नेमका कुठे आहे याचा पत्ता लागत नाही. मग निष्कर्ष निघतो की क्रिकेट ऐकता येतं, फुटबॉल नाही. हा निष्कर्ष चुकीचा आहे. या श्रोत्याने ऐकलं ते टीव्हीचं समालोचन होतं, आणि ते समोर चित्र आहे असं गृहीत धरूनच केलेलं असतं. रेडिओचं धावतं समालोचन ही निराळी कला आहे. फुटबॉल ऐकायचा असेल तर कोणतं ॲप घ्यावं हा प्रश्न नंतरचा. आपण ऐकतोय ते कानासाठी केलेलं आहे की डोळ्यांसाठी, हे आधी पाहायला हवं.

हा फरक किती मोठा आहे, ते एकाच गोलाच्या तीन वर्णनांवरून कळतं. २२ जून १९८६, मेक्सिको सिटीतलं अझ्टेका स्टेडियम, विश्वचषकाची उपांत्यपूर्व फेरी, अर्जेंटिना विरुद्ध इंग्लंड. दिएगो मॅराडोनाने मैदानाच्या आपल्या अर्ध्या भागात चेंडू घेतला, इंग्लंडचे खेळाडू एकामागून एक मागे टाकले आणि शेवटी गोलरक्षक पीटर शिल्टनलाही चकवून गोल केला. बीबीसीच्या टीव्ही वाहिनीवर बॅरी डेव्हिस बोलत होते. त्यांनी खेळाडूचं नाव घेतलं आणि मोकळ्या मनाने दाद दिली. बाकीचं प्रेक्षकांना दिसतच होतं. टीव्हीसाठी तेवढं पुरेसं होतं. बीबीसी रेडिओवर ब्रायन बटलर होते. मॅराडोना छोट्या वाम माशासारखा वळला, असं ते म्हणाले. मग तो बुटका, दणकट माणूस बुचरच्या आतल्या बाजूने गेला, फेनविकच्या बाहेरच्या बाजूने गेला, हे त्यांनी घडता घडता सांगितलं. वाम म्हटल्याबरोबर अंगाची ती निसटती हालचाल डोळ्यांपुढे येते, आणि ‘आतून’, ‘बाहेरून’ या दोन शब्दांनी धावण्याची वाट आखली जाते. तिसरा आवाज मूळ उरुग्वेचे, पण अर्जेंटिनाच्या रेडिओवर बोलणारे व्हिक्टर उगो मोरालेस यांचा. ते रडले, ओरडले, मॅराडोनाला विश्वातला पतंग म्हणाले आणि तू कुठल्या ग्रहावरून आलास, असं त्यांनी विचारलं. डेव्हिस यांचे शब्द चित्राशिवाय ऐकले तर एवढंच समजतं की काहीतरी असामान्य घडलं. बटलर यांचे शब्द ऐकले तर काय घडलं ते समजतं. मोरालेस यांच्या शब्दांतून, ते पाहणाऱ्याचं काय झालं ते समजतं. उशाशी ठेवलेल्या फोनवर आपल्याला यातले दुसरे दोन आवाज हवे असतात, आणि आपण ऐकत बसतो पहिला.

चेंडू कुठे आहे हे ऐकणाऱ्याला कसं कळावं, हा प्रश्न रेडिओइतकाच जुना आहे. २२ जानेवारी १९२७ रोजी बीबीसीने लंडनच्या हायबरी मैदानावरून आर्सेनल आणि शेफील्ड युनायटेड यांचा सामना प्रसारित केला. ब्रिटनमधलं फुटबॉलचं ते पहिलं थेट रेडिओ समालोचन, आणि समालोचक होते टेडी वेकलम. ‘रेडिओ टाइम्स’ साप्ताहिकाने मैदानाचा आराखडा छापला होता, त्यावर आठ चौकोन पाडून त्यांना क्रमांक दिले होते. वेकलम खेळाचं वर्णन करत आणि मधूनमधून दुसरा माणूस चौकोनाचा आकडा सांगत असे. श्रोता अंक हातात धरून ऐकायचा. पुढे समालोचकांना ती जागा बोलण्यातूनच दाखवता येऊ लागली आणि चौकोन मागे पडले. पण तो आराखडा आजही उपयोगी आहे, त्याकडे पुढे येऊ. जर्मनीतलं उदाहरण तर याहून बोलकं आहे. ४ जुलै १९५४ रोजी बर्नमध्ये पश्चिम जर्मनीने हंगेरीला ३–२ असं हरवून विश्वचषक जिंकला. तेव्हा फार थोड्या घरांत टीव्ही होता. हेर्बर्ट झिमरमान यांचं रेडिओ समालोचन देशाने ऐकलं, आणि आजही त्या सामन्याची जुनी दृश्यं दाखवतात तेव्हा त्यांच्यावर झिमरमान यांचाच आवाज लावतात. तिथे चित्राला आवाजाचा आधार घ्यावा लागला.

तरीही एक आक्षेप उरतो, आणि तो गंभीर आहे. क्रिकेटमध्ये दोन चेंडूंच्या मध्ये वेळ असतो. समालोचक क्षेत्ररचना सांगतो, धावफलक सांगतो, आणि मराठीत बाळ ज. पंडित यांच्यासारखा समालोचक असेल तर त्या फटीत भाषाही खुलते. फुटबॉल थांबत नाही; बावीस माणसं एकाच वेळी हलत असतात; मग शब्द पुरणार कसे? हे खरं आहे की शब्द सगळ्यांना पुरत नाहीत. पण ते पुरावे लागत नाहीत. फुटबॉलच्या सामन्यातला बराच काळ चेंडू निरुपद्रवी जागी असतो: बचावफळीतले खेळाडू आपसांत पास देत असतात, थ्रो-इन होतो, गोलरक्षक वेळ काढतो. चांगला रेडिओ समालोचक तिथे आवाज खाली ठेवतो, गुण आणि वेळ सांगतो, संघाची मांडणी समजावतो. चेंडू पेनल्टी क्षेत्राजवळ आला की त्याची लय बदलते. आपण शब्द ऐकतो त्याच्या आधी ही लय ऐकतो. भाजी चिरताना किंवा गाडी चालवताना अर्धं लक्ष सामन्याकडे असलं, तरी आवाज चढल्याबरोबर पूर्ण लक्ष तिकडे जातं. म्हणजे फुटबॉलचा अखंड वेग ऐकणाऱ्याच्या आड येत नाही. समालोचक तो चढ-उतारांत गाळून देतो. इटलीच्या सरकारी रेडिओने तर १० जानेवारी १९६० पासून एकाच वेळी चालणारे अनेक सामने एकाच कार्यक्रमात गुंफले. ‘तुत्तो इल काल्चो मिनुतो पेर मिनुतो’, म्हणजे मिनिटामिनिटाने सगळा फुटबॉल. एका मैदानावरचा समालोचक बोलत असताना दुसऱ्या मैदानावर गोल झाला की तिथला आवाज मध्येच घुसतो. हा प्रकार सहा दशकांहून जास्त टिकला आहे, आणि जर्मन रेडिओवर शनिवारी दुपारी असंच फिरतं समालोचन लोक आवडीने ऐकतात. ऐकून समजत नसतं तर हे झालं नसतं.

इंग्लंडमध्ये रेडिओ टिकण्यामागे आणखी एक ठोस कारण आहे. तिथे शनिवारी दुपारी पावणेतीन ते सव्वापाच या वेळात फुटबॉलचा सामना टीव्हीवर थेट दाखवता येत नाही. मैदानावरची गर्दी घटू नये म्हणून १९६०च्या दशकात ही बंदी आली. बर्नली क्लबचे अध्यक्ष बॉब लॉर्ड यांनी त्यासाठी जोर लावला होता. रेडिओला ही बंदी लागू नाही. त्यामुळे तीन वाजताचे सामने ब्रिटनमध्ये घरबसल्या थेट अनुभवायचे तर कानांनीच, आणि त्यासाठी दोन मोठी केंद्रं आहेत: १९९४ मध्ये सुरू झालेलं बीबीसी रेडिओ फाइव्ह लाइव्ह आणि खासगी टॉकस्पोर्ट. ब्रिटनमध्ये राहणाऱ्या मराठी मंडळींना ती साध्या रेडिओवर मिळतात. फाइव्ह लाइव्ह मध्यम लहरींवर ९०९ आणि ६९३ किलोहर्ट्झला, टॉकस्पोर्ट १०८९ आणि १०५३ला. आपापल्या गावच्या क्लबसाठी बीबीसीची स्थानिक केंद्रं आहेत. खालच्या श्रेणीतल्या संघाचा सामना ऐकायचा असेल तर या स्थानिक केंद्रांइतकं मनापासूनचं समालोचन दुसरीकडे मिळत नाही, कारण बोलणारा माणूस तोच संघ वर्षानुवर्षं पाहत असतो.

भारतात बसून ऐकणाऱ्याची अडचण इथून सुरू होते. केंद्राचं संकेतस्थळ उघडावं, सामन्याची वेळ व्हावी, आणि कानावर भलताच गप्पांचा कार्यक्रम पडावा, असं वारंवार होतं. यंत्र बिघडलेलं नसतं. सामन्याचे हक्क तुकड्यातुकड्यांनी विकले जातात: टीव्हीचे वेगळे, रेडिओचे वेगळे, इंटरनेटवरच्या आवाजाचे वेगळे, आणि तेही देशादेशागणिक. त्यामुळे एखाद्या केंद्राला आपल्या देशात सामना ऐकवण्याचा हक्क असतो, पण सीमेपलीकडे नसतो. मग परदेशी श्रोत्यासाठी तेवढा वेळ दुसरा कार्यक्रम लावावा लागतो. फाइव्ह लाइव्हचं असंच आहे. म्हणून शोध घेताना ‘हे केंद्र कुठे ऐकू येतं’ असं विचारू नका. ‘या स्पर्धेच्या आवाजाचे हक्क माझ्या देशासाठी कोणाकडे आहेत’ असं विचारा. प्रीमियर लीगचे ब्रिटनबाहेरचे ध्वनिहक्क २०१२च्या सुमारास टॉकस्पोर्टने मिळवले आणि परदेशी श्रोत्यांसाठी स्वतंत्र समालोचन सुरू केलं. हे करार ठरावीक हंगामांचे असतात, म्हणून दर ऑगस्टमध्ये लीगच्या अधिकृत संकेतस्थळावर प्रसारकांची यादी पाहून घ्यावी. पाच मिनिटांचं काम आहे आणि वर्षभराचा मनस्ताप वाचतो. अमेरिकेतल्या वाचकांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी: तिथे फुटबॉल म्हटलं की दुसराच खेळ समोर येतो, तेव्हा शोधताना सॉकर हाच शब्द टाकावा.

मला सगळ्यात भरवशाचा वाटणारा मार्ग मात्र क्लबचा स्वतःचा आहे. इंग्लंडमधले बरेच मोठे क्लब आपल्या ॲपवर किंवा संकेतस्थळावर प्रत्येक सामन्याचं ध्वनिसमालोचन देतात. काही ठिकाणी नाव नोंदवलं की ते फुकट मिळतं, काही ठिकाणी माफक वर्गणी असते. चित्राच्या वर्गणीपेक्षा ती बरीच कमी पडते. या समालोचनावर एक आक्षेप घेतला जातो की ते पक्षपाती असतं. असतंच. समोरच्या संघाचा गोल झाला की आवाज पडतो, पंचांचा निर्णय विरोधात गेला की कुरकुर होते. पण श्रोत्याला त्याचा एक फायदाही आहे. हे लोक आपल्या अकरा खेळाडूंना चालीवरून ओळखतात, त्यामुळे नावं चुकत नाहीत. आणि त्यांचा कल आधीच माहीत असल्याने आपण तेवढी वजावट करून ऐकू शकतो. तटस्थ वर्णन हवं असेल तर राष्ट्रीय केंद्र, आपल्याच संघासाठी जीव टांगणीला लावायचा असेल तर क्लब, अशी सरळ वाटणी करावी. स्पॅनिश समजत असेल किंवा शिकत असाल तर कादेना सेरचा ‘कारुसेल देपोर्तिवो’ हा १९५०च्या दशकापासूनचा कार्यक्रम जरूर शोधा. २०११ मध्ये स्पेनच्या लीगने रेडिओ केंद्रांकडे समालोचनासाठी पैसे मागितले, केंद्रांनी नकार दिला आणि त्यांच्या समालोचकांना मैदानात येणं काही काळ बंद झालं, इतकं त्या आवाजांचं मोल तिथे मोठं आहे.

दुसऱ्या देशात असल्याचं भासवणारं व्हीपीएन वापरून हे सगळं का टाळू नये, असं काहीजण विचारतात. त्याने कधीकधी काम होतं हे नाकारण्यात अर्थ नाही. पण ते बहुतेक सेवांच्या अटींच्या विरुद्ध असतं, ऐन सामन्यात तुटतं, आणि फुकट मिळणारी व्हीपीएन ॲप्स आपल्या फोनवरची किती माहिती कुठे पाठवतात याचा भरवसा नसतो. चोरट्या प्रक्षेपणांच्या दुव्यांबद्दल तर याहून सावध राहावं. ऐकणाऱ्याकडे एवढे सरळ मार्ग उपलब्ध असताना हा धोका पत्करण्याचं कारण दिसत नाही.

आपल्याकडचं काय? भारतात २००७ चा एक कायदा आहे: राष्ट्रीय महत्त्वाच्या म्हणून जाहीर झालेल्या क्रीडास्पर्धांचं थेट प्रसारण हक्कदाराला प्रसार भारतीला द्यावं लागतं. त्यात रेडिओचाही स्पष्ट उल्लेख आहे. जाहिरातीच्या उत्पन्नाची वाटणी टीव्हीसाठी किमान ७५:२५ आणि रेडिओसाठी ५०:५० अशी ठरवलेली आहे. म्हणजे रेडिओवर सामना ऐकण्याची सोय ही कायद्याने दखल घेतलेली गोष्ट आहे. प्रत्यक्षात आकाशवाणीचा कल क्रिकेटकडे राहिला. फुटबॉलची खरी परंपरा बंगालमध्ये घडली. अजय बसू, कमल भट्टाचार्य, पुष्पेन सरकार यांच्या बंगाली समालोचनावर कोलकात्याच्या पिढ्या मोहन बागान आणि ईस्ट बंगाल ऐकत मोठ्या झाल्या. गोव्यात आकाशवाणीच्या पणजी केंद्राने कोकणीतून फुटबॉल ऐकवला आहे. आकाशवाणीची केंद्रं आता न्यूजऑनएअर ॲपवर मिळतात, तेव्हा पुण्यात किंवा दुबईत बसूनही कोलकाता किंवा पणजी लावता येतं. सामना आहे की नाही ते मात्र त्या केंद्राच्या त्या दिवसाच्या कार्यक्रमपत्रिकेत पाहावं. मराठी फुटबॉलचं घर म्हणजे कोल्हापूर. पाटाकडील, दिलबहार, शिवाजी तरुण मंडळ, फुलेवाडी यांचे शाहू स्टेडियमवरचे सामने स्थानिक वाहिन्या यूट्यूबवरून थेट दाखवतात, आणि नोकरीसाठी पुण्या-मुंबईला किंवा परदेशी गेलेला कोल्हापूरकर ते पाहतो. मला वाटतं, यातल्या एखाद्या वाहिनीने चित्राशिवायही समजेल असं मराठी समालोचन जाणीवपूर्वक करून पाहावं. खर्च नगण्य आहे, आणि पेठापेठांत रंगून बोलणारी माणसं कोल्हापुरात कमी नाहीत.

आता तांत्रिक बाजू. आज डेटा स्वस्त आहे, मग चित्र सोडून आवाज का घ्यावा, हा आक्षेप शहरात वायफायवर बसलेल्या माणसाचा आहे. एसटीत, लोकलमध्ये, घाटात किंवा गावच्या मळ्यात रेंज येते-जाते तेव्हा हिशेब बदलतो. सेकंदाला १२८ किलोबिट वेगाचा चांगला ध्वनिप्रवाह दोन तास ऐकला तर साधारण ११५ एमबी लागतात; ६४ किलोबिटचा असेल तर ५८ एमबी, आणि माणसाच्या बोलण्यासाठी तेवढा पुष्कळ होतो. त्याच दोन तासांचं बऱ्यापैकी स्पष्ट चित्र, सेकंदाला ३ मेगाबिट धरलं तर २.७ जीबी खातं. डेटाच्या पैशांपेक्षाही इथे अखंडपणा महत्त्वाचा आहे. ज्या रेंजमध्ये चित्र दर मिनिटाला गोल फिरत थांबतं, तिथे आवाज न तुटता येतो. शिवाय पडदा बंद असल्याने बॅटरी टिकते. एक खबरदारी घ्यावी: अनेक फोन बॅटरी वाचवण्यासाठी पडद्यामागे चालणारं ॲप काही वेळाने बंद करतात. सेटिंगमध्ये जाऊन आपल्या रेडिओ ॲपला त्यातून सूट द्या, नाहीतर ऐन भरात सामना मुका होईल. यूट्यूबचा आवाज पडदा बंद करून ऐकायला सशुल्क सदस्यत्व लागतं हेही आधीच माहीत असलेलं बरं. आणि ज्या फोनमध्ये एफएम आहे त्यात तारेचा इअरफोन लावावा लागतो, कारण ती तारच अँटेनाचं काम करते.

इंटरनेटवरच्या आवाजाचा एक दोष मान्य केलाच पाहिजे: तो उशिरा येतो. लहरींवरचा जुना रेडिओ मैदानाच्या जवळपास बरोबरीने चालतो. इंटरनेटवर आवाजाचे काही सेकंदांचे तुकडे केले जातात आणि ते एकेक करून पाठवले जातात. तुकडा सहा सेकंदांचा असेल आणि ॲपने खंड पडू नये म्हणून तीन तुकडे साठवून मग वाजवायला सुरुवात केली, तर तिथेच अठरा सेकंद गेले. वाटेतला वेळ धरून अर्धा मिनिट सहज होतो. तोवर मित्रांच्या व्हॉट्सॲप गटात गोल जाहीर झालेला असतो. यावर तांत्रिक उपाय फारसा नाही, सवयीचा आहे: सामना ऐकताना गट मूक करा आणि गुण कळवणाऱ्या ॲपच्या सूचना बंद ठेवा. उशीर तुम्हाला दुसऱ्याकडून कळला तरच बोचतो. ज्यांना टीव्हीचं चित्र आणि रेडिओचा आवाज एकत्र हवा असतो त्यांनी यातलं जे पुढे धावतंय ते क्षणभर थांबवून दुसऱ्याशी जुळवावं. रेफरीची शिट्टी किंवा सामन्याची पहिली किक हा जुळवणीचा चांगला क्षण. वेळेचं गणितही एकदा पाठ करून ठेवा. इंग्लंडमधला दुपारी तीनचा सामना आपल्याकडे हिवाळ्यात रात्री साडेआठला आणि उन्हाळ्यात साडेसातला लागतो. जर्मनीतला साडेतीनचा अनुक्रमे आठला आणि सातला. युरोपातली घड्याळं मार्चच्या आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी बदलतात, आणि मार्चमधल्या नेमक्या त्याच आठवड्यात सामन्याची सुरुवात हुकते.

आता ‘रेडिओ टाइम्स’च्या आराखड्याकडे वळू. नव्या श्रोत्याने सामन्याआधी एका कागदावर आयत काढावा, मधली रेषा आणि दोन्ही टोकांची पेनल्टी क्षेत्रं दाखवावी, आणि तासभर आधी जाहीर होणारे संघ आपापल्या जागी लिहावे. मैदान साधारण १०५ मीटर लांब आणि ६८ मीटर रुंद असतं, पेनल्टी क्षेत्र गोलरेषेपासून साडेसोळा मीटर पुढे येतं. एवढं प्रमाण डोक्यात असलं की ‘पंचवीस यार्डांवरून’ म्हटल्यावर खेळाडू नेमका कुठून मारतोय ते कळतं. चांगला रेडिओ समालोचक सुरुवातीलाच सांगतो की अमुक संघ डावीकडून उजवीकडे खेळतोय. हे वाक्य चुकवू नका. पुढची पंचेचाळीस मिनिटं त्यावर उभी असतात, आणि मध्यंतरानंतर दिशा उलटते. इंग्रजी फार भरभर जातं म्हणून घाबरणाऱ्यांना एवढंच सांगेन की रेडिओवरच्या फुटबॉलचा शब्दसंग्रह अगदी छोटा आहे. नियर पोस्ट म्हणजे चेंडू येतो त्या बाजूचा गोलखांब, फार पोस्ट म्हणजे पलीकडचा. बायलाइन म्हणजे गोलच्या दोन्ही अंगांना जाणारी शेवटची रेषा. चॅनल म्हणजे बाजूचा आणि मधला बचावपटू यांच्यातली फट. एज ऑफ द बॉक्स म्हणजे पेनल्टी क्षेत्राची कड. असे पंचवीस-तीस शब्द पुन्हा पुन्हा येतात. पहिल्या दोन-तीन सामन्यांत कान गोंधळतात, पण ओळखीचा संघ निवडला तर चौथ्या सामन्याला कागद बाजूला ठेवावासा वाटतो. गुण किती वेळा सांगितला जातो यावरूनही समालोचकाची परीक्षा होते. अमेरिकेतले बेसबॉलचे समालोचक रेड बार्बर समोर तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवत आणि वाळू सरली की गुण सांगत, कारण कोणीतरी नुकताच रेडिओ लावलेला असतो. तुमचा समालोचक दहा मिनिटं गुण सांगत नसेल तर केंद्र बदला.

समालोचन कानासाठी असावं हा आग्रह ज्यांच्यासाठी चैनीचा नाही, अशा श्रोत्यांचा विचार इथे व्हायलाच हवा. दृष्टिहीन प्रेक्षकांसाठी युरोपातल्या अनेक मैदानांवर आता वर्णनात्मक समालोचन असतं. २००९ मध्ये युएफाच्या पुढाकाराने स्थापन झालेल्या कॅफे या संस्थेने त्यासाठी समालोचकांना प्रशिक्षण दिलं, आणि २०१२ च्या पोलंड आणि युक्रेनमधल्या युरो स्पर्धेपासून ही सोय मोठ्या स्पर्धांत दिसू लागली. इथे समालोचक मतं कमी सांगतो आणि दिसतं ते जास्त: चेंडू कुठे आहे, कोणी हात वर केलाय, प्रशिक्षक कसा उभा आहे, झेंडे कोणत्या रंगाचे आहेत. गोलच्या आधी तो चेंडू सोडून इतर गप्पांकडे वळत नाही. हे समालोचन स्पर्धेच्या ॲपवर मिळत असेल तर डोळस माणसानेही ते निवडावं, कारण नुसतं ऐकणाऱ्यासाठी याहून चांगलं वर्णन नाही. घरातल्या दृष्टिहीन माणसाला टीव्हीसमोर बसवून ‘आता काय झालं’ हे आपण सांगत बसण्यापेक्षा त्याच्या कानाला हे लावून द्यावं. मग सामन्याबद्दल त्याचं स्वतःचं मत असेल आणि वाद घालायला तोही बरोबरीचा असेल.

सामना संपल्यावर लगेच रेडिओ बंद करू नका. बीबीसीवर १९४८ पासून शनिवारी संध्याकाळी पाचला ‘स्पोर्ट्स रिपोर्ट’ लागतो, आणि त्यात अनेक वर्षं जेम्स अलेक्झांडर गॉर्डन यांनी देशभरातले निकाल वाचले. २०१३ मध्ये ते निवृत्त झाले. पैजेचे कूपन हातात धरून घरोघर लोक ते निकाल ऐकत. गॉर्डन यांनी वाचनाची एक पद्धत बसवली होती. यजमान संघ जिंकला असेल तर पाहुण्या संघाचं नाव घेताना त्यांचा सूर खाली येई, हरला असेल तर वर जाई, आणि बरोबरी असेल तर दोन्ही नावं एकाच पातळीवर राहत. दुसरा आकडा उच्चारला जाण्याआधीच निकाल कळायचा. त्यांची जुनी ध्वनिमुद्रणं आजही ऐकायला मिळतात. एखादं लावा, दुसऱ्या संघाच्या नावावर थांबवा आणि आकडा ओळखून पाहा.